गावी परतलेली माणसे

ओल्या स्पंजाचा तो वास आजही आठवला की माझे तोंड आपोआप मिटते. मेकअपच्या खोलीत आरशासमोर एका स्टीलच्या वाटीत तो ठेवलेला असे. आदल्या दिवशीच्या चार चेहऱ्यांचे तेल, घाम आणि पावडर त्याने पिऊन ठेवलेली असे, आणि कितीही धुतला तरी त्याचा आंबूसपणा जात नसे. पहाटे साडेचारला तो थंडगार गोळा माझ्या गालावर टेके. मी श्वास रोखून धरी. मेकअप करणाऱ्या बाई म्हणत, ‘हस बघू जरा, गाल वर येऊ देत.’ मी हसे. श्वास न घेता हसण्याची ही कला मी एका वृत्तवाहिनीच्या सकाळच्या बातम्यांत शिकले आणि सात वर्षे तिच्यावर जगले.

वाहिनीचे कार्यालय परळच्या एका बंद गिरणीच्या आवारात, नव्याने उभ्या केलेल्या काचेच्या इमारतीत होते. गिरणीची चिमणी तेवढी शोभेसाठी राखली होती आणि तिच्यावर निळा दिवा सोडला होता. आत वातानुकूलित गारवा, गालिच्याला चहाचा कुबट वास, आणि भिंतीभर पडदे, ज्यांवर रात्रभराचे अपघात आवाज बंद करून चालू असत. आमच्या कार्यक्रमात भविष्य असे, देवळातली आरती असे, भाजीपाला असे, आणि मधल्या जागेत शहर असे. शहर माझ्याकडे होते.

मी इंदूरची. तीन पिढ्यांपूर्वी आमचे घर कोकणातून उठून तिकडे गेले आणि मग कुणी मागे वळून पाहिले नाही. आमच्याकडे मराठी ही चांदीच्या भांड्यांसारखी होती. सणावाराला काढायची, पुसायची, पाहुण्यांसमोर मांडायची आणि पुन्हा कपाटात ठेवायची. रस्त्यावर हिंदी. त्या कपाटातल्या मराठीच्या ओढीने मी मुंबईला कविता शिकायला आले, वृत्ते घोकली, बोटांच्या पेरांवर मात्रा मोजण्याची खोड लावून घेतली. शिक्षण संपल्यावर वडाळ्याला दोघींबरोबर एक खोली घेतली आणि नोकरी शोधू लागले. मुलाखतीत कार्यक्रमाच्या प्रमुखांनी माझ्याकडून अर्धे पान वाचून घेतले आणि डोळे मिटून म्हणाले, ‘आवाजात तूप आहे.’ तेव्हा मला ते कौतुक वाटले.

त्या तुपाचे काय करायचे हे त्यांना पक्के ठाऊक होते. त्यांना आम्ही सगळे ‘सर’ म्हणत असू. त्यांचा एक सिद्धांत होता, आणि तो ते दर सोमवारी बैठकीत नव्याने सुचल्यासारखा सांगत. ‘सकाळी दुःख चालतं. पण गोड हवं. माणसाच्या हातात चहा असतो, त्याला ठसका लागता कामा नये.’ मी हे गोड दुःख बनवण्यात पटाईत झाले. दादरच्या फुलबाजारात सडलेल्या झेंडूच्या चिखलात घोट्यापर्यंत रुतून उभी राहून मी सुगंधाविषयी बोलले. हिंदमाताच्या साडीच्या दुकानांत कुणा नववधूचा बाप हिशेबी चेहऱ्याने पदर उलगडत असताना मी त्याच्या डोळ्यांत पाणी पाहिले आणि दाखवलेही. खोताच्या वाडीत एका म्हाताऱ्या ख्रिस्ती गृहस्थाने लाकडी जिन्यावर मला अडवून म्हटले होते, ‘पोरी, दर नाताळला तुम्हाला आमची घरं आठवतात. आधी पाय पूस.’ ते आम्ही कापून टाकले. जिना ठेवला.

आणि तो माईक. त्याच्या तोंडावरची स्पंजाची टोपी कधी बदलली जात नसे. साऱ्या गावाच्या तोंडची वाफ तिने प्यायलेली. पुढाऱ्याची तंबाखू, अपघातात सापडलेल्याच्या नातलगाचा हुंदका, लग्नातला विडा. पहाटेच्या गारव्यात मी ती ओठांजवळ धरली की त्या सगळ्यांचा मिळून एक वास येई, आणि त्या वासातून मी म्हणे, ‘सुप्रभात.’

माझ्याबरोबर कायम एकच कॅमेरामन असे. लालबागचा, मूळ मालवणकडचा, माझ्याहून दहा वर्षांनी मोठा. माझ्या भाषेची टिंगल हा त्याचा रोजचा न्याहारीआधीचा कार्यक्रम होता. ‘तू बोलायला लागलीस ना गो, की वाटतं कुणीतरी शुद्धलेखनाची वही वाचतंय. जरा चूक की.’ मी अडखळले, मुंबईचा एखादा शब्द चुकीच्या जागी बसवला, की तो कॅमेऱ्यामागून फक्त भुवई उचली. त्या भुवईने मला कितीदा वाचवले याची गणती नाही.

शिमग्याच्या आठवड्यात तो रजेवर होता. गावाला गेला होता. जाताना म्हणाला, ‘पालखी घराकडे येते. नाही गेलो तर देव विचारतो, मग आई विचारते. देवाला उत्तर देता येतं.’ दहा दिवसांनी तो येणार हे मला ठाऊक होते. हे मी मुद्दाम नोंदवते आहे, कारण पुढे जे झाले ते अज्ञानातून झाले असे मला म्हणता येऊ नये.

त्याच आठवड्यात मला लालबागच्या एका चाळीत पाठवले. चाळ पाडून तिथे मनोरा उभा राहायचा होता, आणि कोण खरोखर राहतो, कुणाला नवी खोली मिळेल, याची पाहणी त्या दिवसांत चालू होती. सोबत दुसराच एक कॅमेरामन होता, मोबाईलमध्ये मान घातलेला. दुसऱ्या मजल्यावर ओळीने दारांना कुलपे होती. कठड्यावर एक गृहस्थ खांद्यावर टॉवेल टाकून दात घासत होते. मी माईक पुढे केला आणि विचारले, हे सगळे कुठे गेले?

‘शिमग्याला,’ ते तोंडातला फेस सांभाळत म्हणाले. ‘आणि कुठे जाणार? पंधरा दिवसांत येतील, ओले काजू घेऊन. मला ड्युटी आहे म्हणून मी इथे, नाहीतर मला कुठे बघितलं असतंत तुम्ही?’

हे चित्रित झाले. मी वहीतही लिहिले. मग थेट प्रक्षेपणाची वेळ झाली आणि कानात बसवलेल्या इयरफोनमधून सरांचा आवाज आला. ‘ती रिकामी गॅलरी छान दिसतेय. एखादी तुझ्या पठडीतली ओळ टाक. वीस सेकंद.’

वीस सेकंदांत मला ओळ सुचली. सुचली म्हणजे आलीच; जिभेवर चालत आली. कॅमेरा एका दारावर स्थिर झाला. गंजका कडीकोयंडा, त्यात पितळी कुलूप, चौकटीवर पांढऱ्या रंगात सतरा आकडा, खाली पुसट होत आलेली रांगोळी. मी म्हटले,

‘दारांना कुलपे लागली, माणसे गावी परतली.’

लागली, परतली. दोन्ही अर्धे जवळजवळ सारख्या वजनाचे. मी ते बोटांवर मोजलेही. माईक न धरलेल्या हाताचा अंगठा पेरांवरून फिरत होता. गावी परतली. गावाला गेली असे म्हणता आले असते, खरेही झाले असते, पण यमक तुटले असते. इंदूरच्या माझ्या कानाला गावी परतणे म्हणजे शहराचा खेळ संपवून कायमचे जाणे. लालबागच्या माणसाला गावाला जाणे म्हणजे पिशवीत चार कपडे टाकून जाणे आणि काजू घेऊन येणे. हा फरक टॉवेलवाल्या गृहस्थाने तोंडात फेस असताना मला पाच मिनिटांपूर्वी समजावला होता. मी तो ऐकला, टिपला आणि गोडाच्या पायी गिळला.

ओळ गाजली. तिला बासरी लावली गेली. दिवसभर ती तुकड्यातुकड्याने मोबाईलवर फिरत राहिली, गिरणगाव सोडून कांदिवली-बोरिवलीला गेलेल्या माणसांनी तिच्याखाली रडके चेहरे टाकले. सरांनी बैठकीत ती दोनदा लावली आणि म्हणाले, ‘याला म्हणतात सकाळ.’ मला त्या दिवशी फार बरे वाटले. हे लिहिताना हातावर काही चिकट लागल्यासारखे होते, पण बरे वाटले होते.

कॅमेरामन गावाहून आला तो खाज्याची पिशवी घेऊन. गुळात घोळलेल्या त्या काड्या सगळ्यांना वाटून झाल्यावर मी त्याला ती फीत दाखवली. त्याने शेवटपर्यंत पाहिली. भुवई उचलली नाही.

‘परतली?’ तो म्हणाला. ‘अगो, मी परतलो तो आज सकाळी. इथे. आम्ही परततो ते इथे.’

‘कवितेत चालतं तेवढं,’ मी म्हटले.

‘कविता होती होय? मला वाटलं बातमी.’ आणि त्याने उरलेले खाजे माझ्या टेबलावर ठेवले.

दोन महिन्यांनी तोच मला त्या चाळीत पुन्हा घेऊन गेला. पाहणीची यादी लागली होती आणि सतरा नंबरच्या खोलीपुढे ‘अपात्र’ असा शेरा होता. कारण: रहिवासी कायमची गावी गेलेली, खोली बंद. पुरावा म्हणून विकासकाच्या माणसांनी माझी फीत जोडली होती. बाकीच्या कुलूपबंद खोल्यांचे मुलगे, सुना, जावई कागद घेऊन धावले आणि पात्र ठरले. सतरा नंबरची बाई एकटी होती. खोली वारलेल्या नवऱ्याच्या नावावर, मूलबाळ नाही, आणि दाराचा आकडा माझ्या कॅमेऱ्याने एवढा ठळक दाखवलेला की नाकारायला जागा नव्हती.

सत्तरीच्या त्या बाई आम्ही गेलो तेव्हा जमिनीवर बसून सुके बोंबील निवडत होत्या. खोलीला खारट, उन्हाचा वास होता. बऱ्याच दिवसांनी मी पूर्ण श्वास घेतला. त्यांनी गिरणीतल्या माणसांची खानावळ तीस वर्षे त्याच खोलीत चालवली होती. भिंतीला अजून माणसे पाठ टेकून बसल्याचे तेलकट डाग ओळीने होते. मला पाहून त्या रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर सोपे गेले असते.

‘टीव्हीवाली ना तू? आवाज चांगला हो तुझा,’ त्या म्हणाल्या. ‘मी गावाला भावाच्या ओटीवर चहा पीत बसलेय, आणि टीव्हीत बघते तर माझंच दार. भावजय हसायला लागली. म्हणते, गो, तू कायमची इलंस की काय? आम्ही सगळी हसलो. मी म्हटलं, कुलूप बरं दिसतंय, घासून गेले होते.’

कॅमेरामन खाली बघत होता. मी म्हटले, ‘मावशी, चूक माझी आहे.’

‘चूक असूं दे. चूक सांगता येते ना टीव्हीवर? तेवढं सांग. नाहीतर तुमच्या हापिसाचं पत्र दे. पंधरा दिवसांनी सुनावणी आहे. आणि तो चौदा नंबरवाला म्हणतो, त्याने तुझ्या माईकात सांगितलं होतं आम्ही शिमग्याला गेलोय म्हणून. ते असेल ना कुठे?’

ते होते. न वापरलेले कच्चे चित्रण आमच्याकडे तीन महिने राही आणि मग पुसले जाई. टॉवेलवाले गृहस्थ, फेस, ओले काजू, सगळे एका यंत्रात सुखरूप पडून होते आणि अजून काही दिवस राहणार होते. मी मावशींना शब्द दिला. त्यांनी मला कोकमाचे सरबत दिले. ग्लास खूप गोड आणि खूप आंबट होता आणि मी तो एका दमात संपवला.

दुसऱ्या दिवशी मी सरांकडे गेले. त्यांनी सगळे शांतपणे ऐकले. ते वाईट माणूस नव्हते, त्यांना फक्त वेळेचे भान फार होते.

‘खुलासा? सकाळी? सकाळ ही खुलाशाची वेळ नाही गं. आणि आपण खोटं काय बोललो? कुलपं होती?’

‘होती.’

‘माणसं गावी होती?’

‘होती, पण परत येणार होती.’

‘मग ते त्यांनी सांगावं. पत्र दिलं तर उद्या कायद्यावाले माझ्या मानेवर बसतील. चित्रण बाहेर द्यायचं नाही हे तुला ठाऊक आहे.’ मग त्यांनी खुर्ची पुढे ओढली. ‘मी तुला वेगळ्याच गोष्टीसाठी बोलावणार होतो. येत्या सोमवारपासून निवेदिकेच्या जागी बस. आठ दिवस बघू. तुझ्या त्या ओळीमुळेच हे झालंय, वर सगळ्यांच्या डोक्यात ती बसलीय.’

मी बाहेर आले. कॅमेरामन जिन्यात उभा होता. ‘चित्रण आजच काढून घे,’ तो म्हणाला. ‘चोरून काढ, मी यंत्रावरच्या माणसाला सांगतो. माझा मोबाईल आहे, त्यात घेऊ.’

मी म्हटले, आठ दिवस जाऊ देत. पुरेसा वेळ आहे.

ते आठ दिवस मी निवेदिकेच्या खुर्चीत बसले. दिव्यांची ऊब चेहऱ्यावर मधासारखी पडे. समोरच्या काचेवर शब्द वरून खाली सरकत आणि मी ते वाचे. त्यांतला एकही माझा नव्हता, आणि त्याचा मला आनंद होई. स्पंज आता माझ्यासाठी वेगळा, नवा होता. आईने इंदूरहून फोन करून सांगितले की साऱ्या गल्लीने पाहिले. मावशींची आठवण मला रोज येत असे, पहाटे, गाडीतून येताना, आणि रोज मी तिला सांगे, आठ दिवस. नवव्या दिवशी मी यंत्राच्या खोलीत गेले. तिथल्या माणसाने तारीख तपासली आणि जागा कमी पडली म्हणून त्या आठवड्याचे सगळे लवकरच पुसल्याचे सांगितले. तो दिलगीर वाटला. त्याने मला च्युइंगगम देऊ केले.

कॅमेरामनला मी हे सांगितले तेव्हा तो कॅमेऱ्याची काच पुसत होता. पुसतच राहिला. मग म्हणाला, ‘तुम्ही ठरवा आता काय करायचं ते.’

तुम्ही. सात वर्षांत पहिल्यांदा. तिथून पुढे त्याने मला कधी गो म्हटले नाही, माझ्या भाषेला हसला नाही, आणि माझी चूक झाली तरी भुवई उचलली नाही.

मी माझ्या नावाने साध्या कागदावर पत्र लिहिले. फार काळजीने लिहिले. तीनदा फाडून चौथ्यांदा. मी जे बोलले ते वस्तुस्थितीला धरून नव्हते, रहिवासी सणासाठी गावाला गेल्याचे मला त्या वेळी सांगण्यात आले होते, ‘परतली’ हा शब्द मी केवळ यमकासाठी वापरला. सुनावणीला मी मावशींच्या बाजूला बसले. त्यांनी इस्त्रीचे नऊवारी लुगडे नेसले होते आणि मांडीवर पिशवीत रेशनकार्ड, विजेची बिले, नवऱ्याचे गिरणीतले ओळखपत्र असे सगळे आयुष्य रबर लावून ठेवले होते. विकासकाच्या माणसाने मोबाईलवर फीत लावली. त्या बंद, दमट खोलीत माझा आवाज बासरीसह घुमला. मावशींनी तो मान एका बाजूला करून ऐकला, जशी माणसे कीर्तन ऐकतात.

चौदा नंबरचे गृहस्थही आले होते. ते तोंडी बोलले ते लिहून घेतले गेले, पण शेजारी शेजाऱ्याच्या बाजूनेच बोलणार, असे कुणीतरी हसत म्हटले. मग अधिकाऱ्यांनी माझे पत्र वाचले. चष्मा काढून पुन्हा वाचले.

‘हे वाहिनीच्या पत्रावर नाही,’ ते म्हणाले.

‘नाही. माझे वैयक्तिक आहे.’

‘मग याला मी काय म्हणू? तुमच्याकडे मूळ चित्रण आहे का?’

‘होते.’

त्यांनी पत्राची घडी घालून ते फाइलीत सरकवले. ‘मराठी मात्र सुंदर आहे हो तुमचं,’ ते म्हणाले. ‘हल्ली असं कुणी लिहीत नाही.’

माझ्या तोंडाला पाणी सुटले, ओकारीआधी सुटते तसे. मी बाहेर जाऊन गॅलरीच्या कठड्याला धरून उभी राहिले. काही आले नाही. लहानपणापासून ज्या गोष्टीसाठी शाबासकी मिळवली ती गोष्ट घशाशी अडकून होती आणि बाहेर पडत नव्हती.

निकाल मावशींच्या विरुद्ध गेला. मी नोकरी सोडली, पण त्यात शौर्य नव्हते. निवेदिकेच्या खुर्चीत तोपर्यंत दुसरी मुलगी बसली होती आणि माझा आवाज, सरांच्या म्हणण्याप्रमाणे, जड झाला होता. आता मी घरी बसून पाठ्यपुस्तकांची मुद्रिते तपासते. चुका शोधते.

चाळ रिकामी करण्याच्या शेवटच्या आठवड्यात मी सतरा नंबरला गेले. गॅलरीत गाद्या, पाण्याची पिंपे, देव्हारे रांगेने काढून ठेवलेले होते. पात्र ठरलेली बिऱ्हाडे तात्पुरत्या खोल्यांकडे निघाली होती आणि एकमेकांना जोरजोरात पत्ते सांगत होती. मावशींची खोली जवळजवळ मोकळी होती. भिंतीवरचे पाठींचे डाग आता ओळीने उघडे पडले होते. त्या दोन गाठोडी आणि एक पत्र्याची पेटी घेऊन भावाच्या मुलाची वाट पाहत बसल्या होत्या. रात्रीची गाडी होती, कोकणात जाणारी.

माझे वाक्य खरे झाले होते. एका माणसापुरते, पण अगदी शब्दशः.

मी पेटीला हात लावला. ‘राहू दे,’ त्या म्हणाल्या. ‘तो नेईल.’

‘मावशी, तिकडे बरं वाटेल ना तुम्हाला?’ मी विचारले. विचारल्याबरोबर मला त्या प्रश्नातले तूप ऐकू आले.

त्यांनी पदराने पेटीवरची धूळ पुसली, जी पुसण्याची काही गरज नव्हती. ‘भावाकडे पंधरा दिवसांची पाहुणी बरी असते बाय,’ त्या म्हणाल्या. ‘पंधरा दिवस भावजय मासे आणते. सोळाव्या दिवशी विचारते, तिकीट कधीचं आहे. आता ती काय विचारील ते बघायचं.’

बाहेर कुणाची तरी मांडणी जिन्यात अडकली होती आणि चार जण एकाच वेळी ती कशी फिरवायची ते सांगत होते.  मी वाकून नमस्कार केला; त्यांनी पाय मागे घेतले नाहीत आणि डोक्यावर हातही ठेवला नाही. उंबऱ्याबाहेर येऊन मी चपला घातल्या आणि वळून म्हटले, ‘येते, मावशी.’

त्यांनी माझ्याकडे पाहिले. मग म्हणाल्या, ‘जा.’